एकशे सात नंबरची खुर्ची

आमच्या कारखान्याच्या दारापासून आत्यांच्या पॉलिशच्या शेडपर्यंत अठरा पावलं आहेत. ही माझी अठरा. सासऱ्यांची वीस होतात, कारण ते हातात काहीतरी घेतल्याशिवाय चालत नाहीत. या अठरा पावलांच्या बरोबर मधून राज्याची हद्द जाते. अलीकडे एक राज्य, पलीकडे दुसरं. रस्त्याला त्याचं काही नाही, खड्डे दोन्हीकडे सारखेच आहेत. कर खात्याला मात्र आहे, आणि आमच्या घरात कर खात्याची काळजी वाहायचं काम माझ्याकडे आहे.

हद्द ओलांडून धंद्याचा माल न्यायचा तर पास लागतो. माल विकलेला असो की नुसता पॉलिशला जाऊन परत यायचा असो, कायद्याला सारखंच. काय माल, किती नग, किंमत किती, कुठून कुठे, कशासाठी, कोणत्या वाहनातून, हे सगळं आधी सरकारी साइटवर भरायचं, पासचा नंबर घ्यायचा आणि मगच माल हलवायचा. परत आणताना पुन्हा पहिल्यापासून. अंतराच्या रकान्यात एक किलोमीटरपेक्षा कमी आकडा टाकता येत नाही, म्हणून सरकारदरबारी आमची गल्ली एक किलोमीटर रुंद आहे. वाहनाच्या यादीत 'डोकं' हा पर्याय नाही, म्हणून मी 'इतर' निवडते.

लोक हसतात. हसू देत. मी लग्न होऊन या घरात आले तेव्हा माल खुशाल बिनापास इकडून तिकडे चालला होता. विचारलं की सगळ्यांचं एकच उत्तर, "अगं, समोर तर न्यायचंय, ही काय परदेशी निर्यात आहे?" मी दोन महिन्यांत सगळ्यांना सरळ केलं. कारखान्यातल्या एकूण एक खुर्चीच्या बुडाला नंबर डागायला लावला, आणि जेवताना सगळ्यांच्या देखत जाहीर केलं, "यापुढे या घरातून लाकडाचा तुकडासुद्धा पासशिवाय रस्ता ओलांडणार नाही." मी असं काही म्हणाले की ती काळ्या दगडावरची रेघ असते. तिचा काय प्रताप झाला तेच सांगायला बसले आहे.

घरातली माणसं मोजकी. सासरे, त्यांना मी बाबाच म्हणते, ते आणि हाताखालचे दोन कारागीर खुर्च्या करतात. नवरा लाकूड आणतो आणि गिऱ्हाइकं सांभाळतो. मी कागद सांभाळते. रस्त्यापलीकडे आत्या, म्हणजे बाबांची थोरली बहीण. वय चौऱ्याहत्तर, आवाज चोवीसचा. त्या पॉलिश करतात. पॉलिशला वेगळी जागा एवढ्यासाठी की कारखान्यात दिवसभर भुसा उडतो, आणि ओल्या पॉलिशवर भुशाचा एक कण जरी बसला तरी आत्या ती खुर्ची पहिल्यापासून घासायला घेतात. म्हणून त्यांच्या वडिलांनी समोरची शेड घेतली. हद्द कुठून जाते याची चौकशी करावी असं तेव्हा कोणाला वाटलं नाही. शेडच्या मागच्या खोलीत आत्या राहतात. एकट्याच असतात, आणि त्याचं त्यांना काही वाटत नाही, निदान त्या तसं म्हणतात.

आत्यांचं पॉलिश म्हणजे काय ते एकदा हात लावून बघावं लागतं. स्पिरिटमध्ये विरघळवलेली लाख, सुती कापडाचा बोळा, आणि गोल गोल फिरणारा हात. एका खुर्चीला तीन-चार दिवस लागतात. नवऱ्याचा जीव त्या तीन-चार दिवसांवर टांगलेला असतो. गेलं वर्षभर तो एका मशीनच्या मागे होता. बंद केबिन, आत फवारा, भुशाचा प्रश्न नाही, तासात सहा खुर्च्या.

"शिवाय तुझा एकही पास लागणार नाही," तो मला म्हणायचा. "सगळं एका छपराखाली."

खरं सांगते, मला मोह झाला होता. महिन्याला दीडदोनशे पास भरून बघा म्हणजे कळेल. पण आत्यांच्या कानावर मशीनची गोष्ट गेली तेव्हा त्या बोळा न थांबवता म्हणाल्या, "आणा की. फक्त हा बोळा माझ्या हातून सुटला की दुसऱ्या दिवशी मला खाटेवर बघायला या, म्हणजे झालं." हसत म्हणाल्या, पण आम्ही कोणी हसलो नाही. नवऱ्याने विषय पुढे ढकलला. पुढे ढकलला एवढंच, सोडला नव्हता.

आणि मग मंगळवारी नोटीस आली.

गल्लीच्या टोकाला कर खात्याची चौकी आहे. पत्र्याची केबिन, एक आडवा दांडा आणि आत मॅडम. या मॅडम सहा महिन्यांपूर्वी बदलून आल्या. चाळिशीच्या, चष्मा नाकाच्या टोकावर, आणि वाचल्याशिवाय कशावरही शिक्का न मारणाऱ्या. पहिल्याच आठवड्यात त्यांनी माझा एक पास परत केला होता, कारण नगाच्या जागी मी जोड लिहिले होते. अख्ख्या गल्लीने त्यांना शिव्या घातल्या. मला मात्र त्या मनापासून आवडल्या. वाटलं, चला, माझ्यासारखं कोणीतरी आलं. तर नोटीस याच मॅडमच्या सहीची होती.

'आपल्या पेढीच्या पासांची छाननी केली असता,' असं म्हणून पुढे लिहिलं होतं की खुर्ची, लाकडी, नग एक, क्रमांक एकशे सात, हा माल गेले एकशे चोवीस दिवस रोज दुपारी चार वाजता हद्दीपलीकडे गेला आणि रोज साडेपाचला परत आला. एकूण पास दोनशे अठ्ठेचाळीस. माल प्रत्यक्ष धंद्यासाठी न हलवता नुसता कागदावर फिरवून खोटी उलाढाल दाखवली जात असल्याचा संशय आहे. शुक्रवारी दुपारी चार वाजता जागेवर तपासणी होईल. तोपर्यंत पेढीचे सर्व पास बंद.

माझ्या पायाखालची वाळू सरकली. खोटी उलाढाल? आणि माझ्या पेढीत? मी साइट उघडून बसले. महिन्याच्या पत्रकात नुसती पासांची बेरीज येते, त्यामुळे एकेक पास मी कधी उघडून बघितलाच नव्हता. आता उघडले तर खरंच, एकशे सात, एकशे सात, एकशे सात. हेतूच्या रकान्यात तर कहरच. कधी 'दुरुस्ती', कधी 'प्रदर्शन', कधी 'विक्रीनंतर परत'. पंधरा मिनिटं मी कारागिरांवर संशय घेतला, दहा मिनिटं नवऱ्यावर. मग एकदाचा प्रकाश पडला. पाच महिन्यांपूर्वी बाबा माझ्याकडे फोन घेऊन आले होते. "मला शिकव पास काढायला, तुला किती त्रास देऊ?" म्हणाले होते. सत्तरीतला माणूस एका बोटाने पास काढायला शिकला याचं मी माहेरीसुद्धा कौतुक सांगून आले होते. काखेत कळसा नि गावाला वळसा, दुसरं काय!

बाबा रंध्यापाशी होते. मी विचारलं, "बाबा, एकशे सात नंबरची खुर्ची कुठली?"

"माझी," ते म्हणाले. "मी बसतो ती."

"ती रोज पलीकडे जाते?"

"जाते. पास काढून जाते," ते अभिमानाने म्हणाले. "एक दिवस चुकवलेला नाही. तूच म्हणाली होतीस ना, लाकडाचा तुकडासुद्धा नाही म्हणून."

"अहो, पण कशासाठी जाते?"

"नमुना दाखवायला," ते म्हणाले, आणि रंधा जरा जोरात फिरवायला लागले.

"मग दुरुस्ती काय लिहिलंय? प्रदर्शन काय लिहिलंय?"

"अंगठ्याखाली जे येतं ते निवडतो. यादी फार बारीक आहे ती."

यापुढे ते एक अक्षर बोलले नाहीत. इतका साधा माणूस, पण त्या दिवशी जिभेला कुलूप. नवरा संध्याकाळी आला, नोटीस वाचली आणि खुर्चीत बसून राहिला. अलीकडे बावीस कच्च्या खुर्च्या पॉलिशची वाट बघत होत्या, पलीकडे आठ तयार खुर्च्या अडकल्या होत्या.

"शुक्रवारी हे मिटलं तर मिटलं," तो म्हणाला. "नाही मिटलं तर सोमवारी मशीन येतंय. मी सांगून ठेवतो. आत्याला मी समजावेन." तो रागावलेला नव्हता, आणि हेच वाईट होतं. रागावलेल्या माणसाशी भांडता येतं.

बाबांनी ते ऐकलं. बुधवारी दुपारी, नवरा बाहेर गेल्यावर, ते माझ्या टेबलाशी येऊन उभे राहिले. हातात खुर्ची नव्हती, काहीच नव्हतं. काहीतरी बिनसलंय ते मला त्यावरूनच कळलं.

"तुला एक सांगतो," ते हळू आवाजात म्हणाले. "ताईला दिसत नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे अंधुक दिसतं. पाच महिने झाले. मी एकदा सहज गेलो तर मला म्हणाली, धाकट्या, बघ रे, इथे बोळा फिरलाय का, मला नीट कळत नाही. तेव्हापासून रोज जातो. चारच्या सुमाराला त्या शेडमध्ये तिरपं ऊन येतं, त्यात राहिलेल्या जागा बरोबर दिसतात. मी शेजारी बसून सांगतो, डावीकडे घे, खाली घे, हाताच्या कडेला राहिलंय. तिच्याकडे बसायला एकच स्टूल आहे, त्यावर ती बसते, आणि पॉलिशच्या खुर्च्यांवर ती कोणाला टेकू देत नाही. मग मी माझी खुर्ची नेतो."

मी हातातलं पेन खाली ठेवलं.

"हे त्याला कळलं तर संपलं," बाबा म्हणाले. 'त्याला' म्हणजे माझ्या नवऱ्याला. "डोळ्यांनी अधू झालेल्या बाईकडे तो काम ठेवणार नाही. त्याचंही चुकत नाही. पण तिचं काय? तू काहीतरी लिहून दे ना मॅडमना. नमुना म्हणून लिही. तू लिहिलेलं कोणी नाकारत नाही."

आता आली का पंचाईत! माझ्या हातून आजवर एकही खोटा कागद गेलेला नाही. याचा मला इतका गर्व आहे की नवरा म्हणतो, हिच्या अंगावर शिक्का मारा, ही स्वतःच एक दाखला आहे. आणि इथे सासरे समोर उभे, कधी काही न मागणारे, आणि मागत काय होते तर एक ओळ. नमुन्याची खुर्ची, रंग जुळवण्यासाठी, रोज ने-आण. कोणाचं काय बिघडणार होतं?

गुरुवारी मी तो खुलासा तीनदा लिहिला. पहिला इतका गुळमुळीत झाला की माझा मलाच संशय आला. दुसऱ्यात नमुना रोज परत का आणावा लागतो याचं कारण सापडेना. तिसरा चांगला जमला, अगदी पटण्यासारखा, आणि म्हणूनच मला तो बघवेना. आत्यांचा हात थांबला तर त्या खाटेला लागतील, हे मला दिसत होतं. मॅडमच्या समोर हा कागद ठेवताना त्यांच्या डोळ्यांत बघता येणार नाही, हेही दिसत होतं. शेवटी तिन्ही कागद फाडले आणि रात्रभर नवऱ्याकडे पाठ करून पडून राहिले. त्याला वाटलं माझा राग आहे. बिचाऱ्याने सकाळी न सांगता चहा केला.

शुक्रवारी चारला पाच कमी असताना मॅडम आल्या. बरोबर पिशवी, फाइल आणि मोजपट्टी. मोजपट्टी कशाला ते मला शेवटपर्यंत कळलं नाही. आम्ही सगळे आत्यांच्या शेडमध्ये जमलो. एकशे सात नंबरची खुर्ची मॅडमच्या खास परवानगीने पलीकडे आणली होती. त्यांनी ती उलटी केली, नंबर बघितला, सरळ केली, हलवून बघितली. खुर्ची हलली नाही.

"ही खुर्ची," मॅडम म्हणाल्या, "तुमच्या पासांप्रमाणे एकसष्ट वेळा दुरुस्त झाली आहे."

"माझी खुर्ची?" बाबा एकदम तडकले. "बावीस वर्षं झाली हिला. एक सांधा ढिला दाखवा, धंदा बंद करतो."

"मग दुरुस्ती लिहिलंय कोणी?"

"मीच," बाबा म्हणाले, आणि खाली बघायला लागले.

"आणि चाळीस वेळा प्रदर्शन. कसलं प्रदर्शन भरतं इथे चार ते साडेपाच?"

नवऱ्याने कपाळाला हात लावला. मला त्याही स्थितीत हसू आलं, ते मी खोकून घालवलं.

"नमुना आहे हो तो," बाबांनी सांगून बघितलं. "रंग जुळवायला."

"नमुना असेल तर इथेच ठेवायचा ना," मॅडम शांतपणे म्हणाल्या. "रोज परत का न्यायचा? हे बघा काका, माझ्याकडे अशा केसेस येतात. तोच माल गोल गोल फिरवायचा आणि मोठा धंदा दाखवायचा. तुम्ही तसले वाटत नाही. पण मला कागदावर लिहायला खरं कारण हवं. नाहीतर बंदी राहील."

बाबांनी माझ्याकडे बघितलं. मी काही लिहून आणलं असेल असं त्यांना वाटत होतं. माझे हात रिकामे होते. मी नुसती मान हलवली, आणि तेवढ्या क्षणापुरती मला माझ्या खरेपणाची लाज वाटली. बाबांनी एकदा बहिणीकडे बघितलं, एकदा मुलाकडे.

"तिला दिसत नाही," ते म्हणाले. "मी इथे बसून सांगतो तिला, कुठे राहिलंय ते. म्हणून आणतो खुर्ची. बसायला. दुसरं काही नाही. माझं काय करायचं ते करा, तिचं काम बंद करू नका."

नवरा आत्यांकडे वळला. "आत्या, खरं आहे हे?"

मी आत्यांकडे बघत होते. त्या स्टुलावर बसल्या होत्या, बोळा मांडीवर. त्या भावाकडे बघत होत्या, बराच वेळ. मग उठल्या, मॅडमच्या हातातून नोटीस घेतली आणि खड्या आवाजात वाचायला लागल्या. "आपल्या पेढीच्या पासांची छाननी केली असता..." पहिल्या शब्दापासून शेवटपर्यंत. चष्म्याशिवाय. तळाला मुंगीएवढ्या अक्षरात छापलेला कार्यालयाचा फोन नंबरसुद्धा त्यांनी वाचला. कागद परत केला आणि नवऱ्याकडे बोट दाखवलं.

"तुझ्या शर्टाचं दुसरं बटण निळ्या दोऱ्याने लावलंय. शर्ट पांढरा आहे. बायको कागदात हुशार आहे, शिवणात नाही."

"आत्या!" मी म्हणाले.

"मला सगळं दिसतं," आत्या म्हणाल्या. आता त्या मॅडमशी बोलत होत्या, पण ऐकवत होत्या भावाला. "याची बायको गेली गेल्या वर्षी. त्यानंतर हा चार वाजले की हत्यारं ठेवायचा आणि भिंतीकडे बघत बसायचा. मला इथून दिसायचं. ये, बस म्हटलं की म्हणायचा, काम आहे. बहिणीकडे नुसतं बसायला यायचं याला जमत नाही, आमच्या वडिलांनाही जमायचं नाही. मग म्हटलं, काम पाहिजे ना, देते काम. मी विचारायचे, बघ रे, इथे लागलंय का. हा सांगायचा. मी त्या जागी पुन्हा एक हात फिरवायचे. बोलत बोलत साडेपाच व्हायचे. लिहा तुम्ही काय लिहायचं ते."

मॅडमनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. मग विचारलं, "म्हणजे ही खुर्ची विकायची नाही, पॉलिशला नाही, दुरुस्तीला नाही. काका स्वतः बसण्यासाठी आणतात आणि जाताना घेऊन जातात."

"हो."

"मग हा धंद्याचा मालच नाही. माणसाने स्वतःच्या वापराची वस्तू बरोबर नेली तर पास लागत नाही. छत्रीला लागतो का?" त्यांनी फाइल मिटली. "हे दोनशे अठ्ठेचाळीसच्या दोनशे अठ्ठेचाळीस पास काढायची गरजच नव्हती. यांना सांगितलं कोणी की खुर्चीलाही पास लागतो म्हणून?"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. दोन्ही कारागीर रस्त्यापलीकडून ऐकत होते, तेसुद्धा.

मी आयुष्यात पहिल्यांदा नियमात चुकले होते, आणि तेही कमी पाळून नाही, जास्त पाळून. मॅडम माझ्याकडे बघून किंचित हसल्या. "होतं असं," म्हणाल्या. "माझ्या घरी मुलं फ्रिज उघडायलाही अर्ज करतात." संध्याकाळपर्यंत बंदी उठली.

पण त्याआधी एक गोष्ट झाली. मॅडम निघाल्या तसे बाबा उठले. बहिणीकडे न बघता त्यांनी आपली खुर्ची उचलली आणि रस्ता ओलांडून घरी गेले. घड्याळात साडेचारच वाजले होते. आत्या दारापर्यंत गेल्या आणि तिथेच थांबल्या.

जेवताना बाबांनी अर्धी पोळी तशीच ठेवली. हात धुऊन लगेच झोपायला गेले. नवरा ताटात रेघा ओढत होता.

"मशीनचं काय?" मी विचारलं.

"नको म्हणून सांगितलं," तो म्हणाला. "तासाला सहा खुर्च्या निघतील गं. पण मग चार वाजता बाबांना कुठे बसवू? मला वर्षभर दिसलं नाही ते भिंतीकडे बघत बसतात ते. मी लाकडाचे भाव बघत होतो." मी त्याच्या ताटात आणखी एक पोळी वाढली. त्यावेळी मला तेवढंच सुचलं.

म्हणजे शेड वाचली. आत्यांचं काम वाचलं. पण ते वाचवताना आत्यांनी जे उघडं केलं, ते आता पुन्हा झाकता येणार नव्हतं. बाबांना फसवल्यासारखं वाटत होतं. पाच महिने आपण बहिणीचे डोळे झालोय या समजुतीत ते ताठ चालत होते. शनिवारी सकाळी मला चाल वेगळी दिसली.

शनिवारी बावीस खुर्च्यांचे पास मी स्वतः काढले. कारागिरांनी त्या पलीकडे नेल्या. दुपार झाली, पावणेचार झाले, चार झाले. बाबांनी हत्यारं ठेवली नाहीत. एक फळी रंधत होते, जी सकाळीच रंधून झाली होती. मी टेबलाशी बसून कागद चाळत होते आणि एकही वाचत नव्हते. सव्वाचार झाले.

पलीकडून हाक आली. आत्यांची हाक अख्ख्या गल्लीला ऐकू जाते.

"धाकट्या! बघ रे, इथे लागलंय का!"

बाबांनी रंधा थांबवला. मान वर केली नाही. तिथूनच ओरडले, "तुला दिसतंय!"

"दिसतंय की!" आत्या पलीकडून ओरडल्या. "मला चांगलं दिसतंय! पण तू येत नाहीस तर मला काम सुचत नाहीये! चार वाजल्यापासून खुर्चीच्या एकाच हातावर बोळा फिरवतेय मी! आता येतोस की येऊ मी तिकडे, भुशात?"

मॅडम केबिनच्या दारात येऊन उभ्या राहिल्या होत्या. दोन राज्यांच्या मधून एवढा मोठ्याने संवाद चालला होता, त्यांचंही लक्ष गेलंच.

बाबांनी रंधा खाली ठेवला. अंगावरचा भुसा झटकला, सगळा, नीट, बाहीच्या घडीतलासुद्धा. डोळे पुसले, भुसा गेला असेल, मी विचारलं नाही. मग निघाले. दारात थबकले, खुर्चीकडे बघितलं आणि म्हणाले, "नको बाबा. पुन्हा नोटीस यायची." आणि रिकाम्या हातांनी, आयुष्यात प्रथमच अठरा पावलांत, रस्ता ओलांडून गेले.

मी खिडकीतून बघत होते. ते आत्यांच्या शेजारी उभे राहिले. आत्या काहीतरी बोलल्या, बाबांनी वाकून खुर्चीच्या हातावर बोट ठेवलं, आत्यांनी त्यांच्या बोटावर चापट मारली. ओल्या पॉलिशला बोट लावतात का कोणी? दहा मिनिटं झाली तरी ते उभेच. त्यांचे गुडघे दुखतात. संध्याकाळी मलाच तेल लावून द्यावं लागणार होतं.

मी उठले आणि एकशे सात नंबरची खुर्ची उचलली. भलतीच जड आहे ती. रोज हे ओझं हा माणूस वीस पावलं कसा नेत होता कोण जाणे. रस्त्यात उतरले आणि बरोबर मधोमध माझे पाय आपोआप थांबले. हातात खुर्ची, खुर्चीच्या बुडाला माझाच डागलेला नंबर, आणि जवळ चिटोरंसुद्धा नाही. मी केबिनकडे बघितलं. मॅडमनी दोन्ही हात हवेत उडवले, 'जा की आता' अशा अर्थाने. मी गेले.

बाबांसाठी खुर्ची टेकवली. ते काही न बोलता बसले आणि पाय लांब केले. मी वळले, तर मागून आत्यांचा आवाज आला.

"हे काय, एकच आणलीस?"

"मग?"

"मग तू काय उभी राहणार आहेस?" आत्या म्हणाल्या. "जा, आणखी एक घेऊन ये."

या घरात येऊन मला अकरा वर्षं झाली. रोज दहा वेळा मी त्या शेडमध्ये जाते, सह्या घेते, नग मोजते आणि परत येते. बसले कधीच नव्हते, आणि बसावंसं वाटतं हेही मला तोवर माहीत नव्हतं. मी माझ्या टेबलाची खुर्ची आणायला निघाले, जवळजवळ पळतच.